चॅप्लिन, कीटन, लॉरेल-हार्डीच्या मूक शॉर्ट फिल्म घरच्यांना कशा दाखवायच्या

दिवाळीच्या सुट्टीत बहिणीची दोन आणि शेजारची तीन अशी पाच पोरं गोळा करून मी पहिल्यांदा चॅप्लिन लावला होता, आणि पाच मिनिटांत पाचही जण उठून खाली खेळायला गेले. फिल्म चांगलीच होती, 'द इमिग्रंट', १९१७ ची. पण मी लावलेली कॉपी म्हणजे यूट्यूबवर सगळ्यात वर आलेली, माणसं तुरुतुरु पळतायत, चेहरे पांढरेफटक, डोळे कुठे आहेत तेच दिसत नाही, पाय खालून कापलेले आणि मागे पियानोचा एकच तुकडा परत परत वाजतोय. पुढच्या सुट्टीत तीच फिल्म त्याच पोरांना चांगल्या प्रिंटवर, बरोबर स्पीडला दाखवली तर जहाजातल्या जेवणाच्या सीनला धाकट्याला हसता हसता उचकी लागली आणि ती थांबेचना, पाणी द्यायला मला फिल्म थांबवावी लागली. फिल्म तीच, पोरं तीच. त्यामुळे कोणी म्हणालं ना की शंभर वर्षांपूर्वीचा विनोद आता चालत नाही, की मी आधी विचारते, तुम्ही नेमकं काय बघितलंत? कारण बहुतेक लोकांनी या फिल्म बघितलेल्याच नसतात, त्यांची कुठली तरी झिजलेली, कापलेली, पळवलेली कॉपी बघितलेली असते.

तर घरी दाखवायच्या असतील तर काय काय करायचं ते सगळं लिहितेय, मला हे कळायला दोन-तीन वर्षं लागली, तुम्हाला एका शनिवारात जमेल.

आधी थोडंसं, की आपण कशाबद्दल बोलतोय. स्लॅपस्टिक ही मुळात एक वस्तू आहे. इटलीतल्या जुन्या कोमेदिया देल्लार्ते नाटकांमधे नटाच्या हातात दोन लाकडी पट्ट्या जोडलेली काठी असायची, ती मारली की फाटकन आवाज यायचा आणि लागायचं मात्र फारसं नाही. त्यावरून आपटणं, पडणं, धडकणं, लाथा घालणं अशा अंगविक्षेपाच्या विनोदाला ते नाव पडलं. सिनेमात याचा कारखाना काढला मॅक सेनेटनं, १९१२ मधे, लॉस एंजेलिसच्या ईडनडेल भागात, कीस्टोन नावाची कंपनी. गाडीतून धडाधड पडणारे पोलीस म्हणजे कीस्टोन कॉप्स ते इथलेच. चॅप्लिन इथेच आला, आठवड्याला १५० डॉलरवर, आणि फेब्रुवारी १९१४ मधे त्याची पहिली फिल्म लागली. या बहुतेक फिल्म एका किंवा दोन रिळांच्या असायच्या, म्हणजे आजच्या हिशोबात दहा मिनिटांपासून पंचवीसेक मिनिटांपर्यंत. मुख्य सिनेमाच्या आधी किंवा बातमीपटाबरोबर लावायच्या, लोकांनी हसायचं आणि पुढे. आपल्याकडे दादासाहेब फाळक्यांनीही त्याच सुमाराला 'पिठाचे पंजे' नावाची छोटी विनोदी फिल्म केली होती, म्हणजे ही हवा तेव्हा सगळीकडेच होती.

आता प्रिंट. हे सगळ्यात महत्त्वाचं आणि इथेच सगळे गडबड करतात. या फिल्मचा अमेरिकेतला कॉपीराइट संपलाय (१९२९ पर्यंतच्या सगळ्याच आता मोकळ्या आहेत), त्यामुळे कोणीही कुठलीही कॉपी टाकतं. एकाच फिल्मच्या वीस-वीस कॉप्या सापडतील. सर्च केल्यावर पहिली दिसेल ती उघडू नका. चार-पाच उघडा आणि प्रत्येकीत एकच गोष्ट बघा, चॅप्लिनचे किंवा कीटनचे डोळे दिसतायत का. डोळे दिसत नसतील तर ती कॉपी बंद. कारण हे लोक शरीरानं पडतात पण हसवतात डोळ्यांनी, पडण्याच्या आधी एक क्षण कुठे बघितलं आणि पडल्यावर कोणाकडे बघितलं यावर सगळा खेळ असतो, आणि झिजलेल्या कॉपीत तो क्षणच गायब होतो, उरतं फक्त पडणं, मग ते बघून कोण कशाला हसेल. पॅरिसची लॉब्स्टर फिल्म्स ही कंपनी आणि इटलीतल्या बोलोन्याचं सिनेमा अर्काइव्ह यांनी चॅप्लिनच्या सुरुवातीच्या फिल्म आणि कीटनच्या शॉर्ट फिल्म जगभरच्या तुकड्यांमधून जुळवून परत नीट केल्यात, त्यांचं नाव सुरुवातीला दिसलं तर डोळे झाकून तीच घ्या.

आणि एक, रंगीत केलेल्या, सेकंदाला साठ फ्रेम (फ्रेम म्हणजे एकेक स्थिर चित्र) वगैरे लिहिलेल्या कॉप्या आता खूप फिरतायत. त्या नकोच. चेहऱ्यावर मेण फासल्यासारखं दिसतं, आणि मुळात वेगाची जी गंमत कॅमेरामननं हातानं साधलेली असते ती मशीन मधल्या फ्रेम भरून घालवून टाकतं.

हातानं म्हणजे खरोखर हातानं. तेव्हा कॅमेऱ्याला हँडल असायचं, कॅमेरामन ते गोल फिरवायचा, साधारण सेकंदाला १६ ते २० फ्रेम. पळापळीचा सीन असला की मुद्दाम हळू फिरवायचा, म्हणजे पडद्यावर माणसं जास्त भरभर दिसतील. म्हणजे थोडं फास्ट असणं हे चुकून झालेलं नाही, ठरवून केलेलं आहे. पण नंतर काय झालं, बोलपट आल्यावर मशीन २४ फ्रेमवर पक्की झाली आणि १६-१८ वर शूट केलेल्या फिल्मपण लोकांनी २४ वर लावल्या, मग मुद्दाम केलेल्या फास्टवर आणखी फास्ट चढलं. "जुने सिनेमे असेच पळत असतात" हा समज तिथून आला.

यावर घरगुती उपाय आहे. कॉपी चांगली आहे पण पळतेय असं वाटलं तर प्लेअरमधे स्पीड ०.७५ करा. २४ चा पाऊण म्हणजे १८, बरोबर जिथे आपल्याला यायचंय तिथेच. पण सरसकट करू नका. आधी तपासायचं, आणि तपासताना हिरोकडे बघायचंच नाही कारण त्याला मुद्दाम पळवलेलं असू शकतं. मागे रस्त्यावरून जाणारा एखादा माणूस बघा, घोडागाडीतला घोडा बघा, नाहीतर कोणाची टोपी खाली पडते ती बघा. टोपीला कोणी घाई करायला सांगितलेलं नसतं. टोपी दगडासारखी धप्पकन पडली तर स्पीड जास्त आहे, नेहमीसारखी पडली तर हात लावू नका. आणि १९२७-२८ नंतरच्या फिल्म, म्हणजे लॉरेल-हार्डीच्या वगैरे, त्या जवळजवळ २४ वरच शूट झाल्यात, त्यांना ०.७५ केलंत तर पाण्यातून चालल्यासारखं दिसेल आणि सगळं टायमिंग गंडेल. लांबीवरूनही अंदाज येतो. एक रीळ म्हणजे हजार फूट, फुटाला १६ फ्रेम, म्हणजे १६ हजार फ्रेम, २४ च्या स्पीडला ११ मिनिटं आणि १६ च्या स्पीडला साडेसोळा मिनिटं. रिळं अगदी शेवटपर्यंत भरलेली असायचीच असं नाही, पण १९१७ ची दोन रिळांची फिल्म कॉपीमधे १५-१६ मिनिटांतच संपत असेल तर ती एक तर कापलेली आहे नाहीतर पळवलेली.

टीव्हीचं सेटिंग. हे मी दुसऱ्यांच्या घरी गेले की न विचारता करते. जुनी फिल्म जवळजवळ चौकोनी असते, चारास तीन. आपले टीव्ही लांबट. मग टीव्ही ती ओढून रुंद करतो, चॅप्लिन बुटका जाडा दिसायला लागतो, किंवा झूम करून वरचं खालचं कापतो. वरचं कापलं की टोपी गेली, खालचं कापलं की पाय गेले, आणि स्लॅपस्टिकमधे पाय गेले म्हणजे काय उरलं? चॅप्लिनचं कोपऱ्यावर एका पायावर वळणं, घसरून सावरणं, मागच्या पायानं लाथ घालणं, सगळं खालच्या अर्ध्या फुटात आहे. तेव्हा सेटिंगमधे जाऊन ४:३ किंवा ओरिजिनल करा, दोन्ही बाजूला काळ्या पट्ट्या आल्या की समजायचं बरोबर आहे. मोशन स्मूदिंग, म्हणजे टीव्ही स्वतःच मधल्या फ्रेम भरतो ते सेटिंग, असेल तर बंद. प्रोजेक्टर असेल तर फारच छान, पांढरी चादर चालते पण इस्त्री केलेली आणि खालून चिमट्यानं ताणलेली, नाहीतर पंख्याच्या वाऱ्यानं चादर हलते आणि पोरं चादरीलाच हसतात.

आवाजाचं काय करायचं? या फिल्म मूक असल्या तरी सहसा शांततेत दाखवल्या जायच्या नाहीत, थिएटरात पियानो किंवा ऑर्गन वाजवणारा माणूस समोर बसून पडद्याकडे बघत वाजवायचा. त्यामुळे चांगलं म्युझिक असलेली कॉपी मिळाली तर उत्तमच. नाही मिळाली तर मात्र म्यूट करा. चुकीच्या म्युझिकपेक्षा नुसता पंख्याचा आवाज परवडला. आणि म्यूट केलं की एक गंमत होते, खोलीतल्या माणसांना एकमेकांचं हसू ऐकू येतं, आणि हसू ऐकून हसू येतं, हे मी कितीतरी वेळा बघितलंय. घरात कोणी पेटी किंवा ढोलकी वाजवत असेल तर त्याला पडद्याच्या बाजूला बसवा. माझ्या मामांनी एकदा पेटी घेतली, पहिली पाच मिनिटं नुसते चाचपडत होते, मग त्यांच्या लक्षात आलं की प्रत्येक पडण्यावर ठोका द्यायचा नाही, पडायच्या आधी थांबायचं. मग जमलं!

मधे मधे पाट्या येतात इंग्रजी वाक्यांच्या. लहान मुलं आणि आजी-आजोबा असतील तर एकानं त्या मोठ्यानं मराठीत सांगायच्या, शब्दाला शब्द नाही, थोडक्यात, "हा म्हणतोय पैसे दे" इतकंच. मूकपटाच्या काळात आपल्याकडेही थिएटरात पाट्या वाचून दाखवणारी माणसं असायची, त्यामुळे यात काही कमीपणा नाही. फक्त वाचणाऱ्यानं पुढचं सांगायचं नाही. हा नियम कडक ठेवा.

आता कुठल्या फिल्म आणि कुठल्या क्रमानं. इथे लोक इतिहासाच्या क्रमानं जातात, आधी कीस्टोन, मग पुढचं. माझं स्पष्ट मत आहे की तसं करू नका. कीस्टोनच्या फिल्म वेगवान आहेत पण धबडगा फार, कोण कोणाला का मारतोय ते कळेपर्यंत फिल्म संपते, आणि चॅप्लिनला तिथे वर्षभरात पस्तीसेक फिल्म करायला लावल्या होत्या, विचार करायला वेळ कुठला. १९१६ मधे म्युच्युअल कंपनीनं त्याला आठवड्याला दहा हजार डॉलर आणि वर दीड लाख बोनस दिला, तेव्हा त्यानं बारा फिल्मना दीड वर्ष घेतलं. त्या बारा म्हणजे खजिना आहे. सुरुवात तिथून करा.

पण त्याच्याही आधी एक मिनिटाची एक चव द्या. लुमिए बंधूंची १८९५ ची माळ्याची फिल्म. माळी रबरी नळीनं झाडांना पाणी घालतोय, मागून पोरगा येऊन नळीवर पाय देतो, पाणी थांबतं, माळी नळीच्या तोंडात डोकावून बघतो, पोरगा पाय काढतो आणि फवारा तोंडावर. मग माळी पोराच्या मागे पळतो, त्याला पकडतो, आणि इथे नीट बघा, पकडलं तिथेच मारत नाही, ओढत कॅमेऱ्यासमोर आणतो आणि मग फटके देतो. कारण कॅमेरा हलणार नाही हे त्याला माहीत आहे. पन्नास सेकंदांच्या आत सगळं, आणि पोरांना हे सांगितलं की जगातली ही जवळजवळ पहिली विनोदी फिल्म, तर ती परत लाव म्हणतात.

मग 'द रिंक', १९१६. चॅप्लिन हॉटेलात वेटर आहे आणि एक धिप्पाड दाढीवाला गिऱ्हाइक बिल मागतो. चॅप्लिन त्याला जवळून निरखतो, शर्टावर काय सांडलंय, काय चिकटलंय, एकेक डाग बघून बिलात एकेक पदार्थ लिहितो. इतकी साधी गोष्ट, एक शब्द लागत नाही. तो धिप्पाड माणूस म्हणजे एरिक कँपबेल, म्युच्युअलच्या बारापैकी अकरा फिल्ममधे आहे, आणि १९१७ च्या डिसेंबरमधे गाडीच्या अपघातात गेला. चॅप्लिनला त्याच्यासारखा दुसरा मिळाला नाही असं मला नेहमी वाटतं, कारण लहानखुऱ्या माणसाची चपळाई दिसायला समोर एवढा डोंगर लागतो. फिल्मच्या उत्तरार्धात स्केटिंग आहे. ते बघताना पोरांना सांगायचं, त्याचा तोल जातोय असं वाटतं ना, तो जात नाहीये, तोल जातोय असं दाखवायला किती तोल लागतो बघ. चॅप्लिन इंग्लंडमधे फ्रेड कार्नोच्या कंपनीत हेच सगळं स्टेजवर करून आलेला होता, १९१० मधे अमेरिकेला त्याच कंपनीबरोबर गेला, आणि त्याच टोळीत त्याचा बदली नट म्हणून होता स्टॅन लॉरेल. तोच पुढचा लॉरेल-हार्डीतला.

दुसरी 'वन वीक', बस्टर कीटनची, १९२०. ही मी कधीच वगळत नाही. नवीन लग्न झालेलं जोडपं, लग्नात भेट मिळालंय एक घर, पण सुट्ट्या भागांचं, पेट्यांवर नंबर, नंबराप्रमाणे जोडायचं. मुलीवर डोळा असलेला एकजण पेट्यांचे नंबर बदलून ठेवतो. मग जे घर उभं राहतं ते बघायचं, भिंती तिरक्या, वरच्या मजल्यावर एक दार आहे जे कुठेच उघडत नाही, बाहेर नुसती हवा. आणि आता तुम्हाला माहितीये की दाराबाहेर काही नाही, कीटनच्या लक्षात नाही, तो दार उघडून सरळ चालत बाहेर जातो आणि धाडकन खाली. कट नाही. कॅमेरा लांब उभा, पूर्ण घर दिसतंय, पूर्ण माणूस दिसतोय. हे कीटनचं वैशिष्ट्य लक्षात ठेवा, तो मुद्दाम कॅमेरा लांब ठेवतो म्हणजे बघणाऱ्याला खात्री पटावी की फसवलेलं नाही, खरा माणूस खरा पडला. आईवडिलांच्या स्टेजवरच्या कार्यक्रमात लहानपणापासून वडील त्याला अक्षरशः उचलून फेकायचे, त्यासाठी कपड्यांना मागे बॅगेसारखी मूठ शिवलेली होती, आणि आपण हसलो नाही तर लोक जास्त हसतात हे त्याला तेव्हाच कळलं. म्हणून तो दगडासारखा चेहरा.

मग शुक्रवार, तारीख १३, नव्या घरी पाहुणे आलेले आणि वादळ येतं आणि घर भोवऱ्यासारखं फिरायला लागतं. घर खरोखर फिरत्या चाकावर बांधलेलं होतं. आत पाहुणे भिंतींवर आपटतायत, बाहेर कीटन फिरतं दार पकडायला धावतोय. आणि शेवट, घर ओढून दुसऱ्या जागी न्यायचंय, वाटेत रेल्वेचे रूळ, घर रुळांवर अडकतं, लांबून ट्रेन येताना दिसते. दोघं डोळे झाकून घेतात. याच्या पुढे मी लिहीत नाही, आणि तुम्हीही दाखवताना एक शब्द बोलू नका, चेहरा सुद्धा बदलू नका. पुढच्या पंधरा सेकंदांत जे होतं तेव्हा पडद्याकडे नाही, बसलेल्या माणसांच्या चेहऱ्याकडे बघा. माझ्या आईनं ट्रेन पाहिल्यावर छातीवर हात ठेवला, मग सुस्कारा सोडला, आणि मग "अगं बाई!" म्हणून जी ओरडली की खालच्या मजल्यावरचे काका विचारायला आले.

तिसरी 'बिग बिझनेस', लॉरेल-हार्डी, १९२९, एकोणीस मिनिटं. ही शेवटी, कारण आधीच्या दोन पळणाऱ्या आहेत आणि ही हळू आहे, आणि तिचा हळूपणाच तिची ताकद. दोघं कॅलिफोर्नियाच्या कडक उन्हात दारोदार ख्रिसमसची झाडं विकतायत. एका घराचा मालक झालेला जेम्स फिनलेसन दार उघडतो, नको म्हणतो, दार लावतो, झाडाची फांदी दारात अडकते. परत बेल. आता कोट अडकतो. परत बेल. तो चिडून कात्रीनं झाडाचे तुकडे करतो. मग हे त्याच्या दाराचं काहीतरी उखडतात. मग तो ह्यांचं. शेवटी ते त्याचं अख्खं घर फोडतात आणि तो ह्यांची अख्खी गाडी.

यात बघायचं काय सांगू? थांबणं बघायचं. एकजण नुकसान करत असतो तेव्हा दुसरा त्याला अजिबात अडवत नाही, शांत उभा राहून बघतो, पूर्ण होऊ देतो, हिशोब करतो, आणि मग आपली पाळी घेतो, अगदी बँकेत रांगेत उभं राहिल्यासारखं. वेगात मारामारी झाली असती तर ती नुसती मारामारी झाली असती. रस्त्यावर गर्दी जमते, पोलीस गाडीत बसून वहीत लिहून घेतोय, तोही अडवत नाही. मी ही फिल्म पंधरा-वीस वेळा तरी दाखवली असेल आणि प्रत्येक वेळी सगळ्यात मोठं हशा पिकतो तो काही फुटण्यावर नाही, फुटायच्या आधी फिनलेसन एक डोळा बारीक करून बघतो त्यावर.

या तीन मिळून साधारण सत्तर मिनिटं, मधे चहा. एका बैठकीत याहून जास्त दाखवू नका. मनातून कितीही वाटलं तरी नको. थिएटरातही एका वेळी एकच दाखवायचे, सलग पाच बघितल्या की पडणं पडणं वाटत नाही. माणसं सात-आठ तरी हवीत, एकटं बघताना यातलं अर्धं निघून जातं. मोबाइलवर तर बघूच नका, पाय दिसणार नाहीत.

दाखवायच्या आधी एकदा स्वतः पूर्ण बघून घ्या, हे विसरू नका. त्या काळच्या अमेरिकन विनोदात काळ्या लोकांची, चिनी लोकांची टिंगल सर्रास आहे, गोऱ्या नटांनी तोंडाला काळं फासलेलं असतं. कीटनच्या 'नेबर्स' आणि 'द प्लेहाउस' मधे आहे, त्याच काळातला आणखी एक विनोदी नट हॅरॉल्ड लॉइड, त्याच्या 'हाँटेड स्पूक्स' मधे तर बरंच. मुलं बरोबर असतील तर एक तर ती फिल्म निवडू नका नाहीतर थांबवून सांगा की हे तेव्हा चालायचं, आणि ते चूकच होतं. गप्प बसून पुढे जायचं नाही, मुलांच्या सगळं लक्षात येतं.

आणि मुलं नक्कल करतात. एका घरी फिल्म संपल्यावर एका मुलानं आजोबा बसत असताना खुर्ची मागे ओढली, नशिबानं पलंग मागे होता. तेव्हापासून सुरू करायच्या आधीच मी सांगते की ही माणसं वर्षानुवर्षं पडायला शिकली होती आणि तरीही त्यांची हाडं मोडली. हॅरॉल्ड लॉइडच्या हातात १९१९ मधे फोटो काढताना खोटा समजलेला बाँब फुटला, उजव्या हाताचा अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट गेलं, नंतरच्या सगळ्या फिल्ममधे तो हातमोज्यात खोटी बोटं घालून काम करतो. कीटनचा पाय 'द इलेक्ट्रिक हाउस' करताना सरकत्या जिन्यात अडकून मोडला. हे ऐकलं की पोरं गप्प होतात, आणि मग फिल्म बघताना त्यांची नजरच बदलते, लॉइड दिसला की हात शोधतात.

दुसऱ्या वेळी बसाल तेव्हा एकच गॅग, म्हणजे विनोदाचा एकच तुकडा, घेऊन ती तीनदा बघा. मला यासाठी 'द पॉनशॉप' मधला घड्याळाचा सीन सगळ्यात आवडतो, १९१६ चा. चॅप्लिन गहाणवटीच्या दुकानात कामाला, एक गिऱ्हाइक अलार्मचं घड्याळ घेऊन येतो. चॅप्लिन आधी डॉक्टर होतो, स्टेथोस्कोप लावून घड्याळ तपासतो, बोटानं ठोकून बघतो. मग डबा उघडायचा ओपनर घेऊन घड्याळ डब्यासारखं कापून उघडतो, आणि आतला वास घेतो, मासे शिळे झालेत की काय अशा चेहऱ्यानं. मग स्प्रिंग ओढून काढतो आणि कापडवाल्यासारखी हातानं मोजतो. काउंटरवर पडलेले भाग वळवळायला लागतात, त्यांच्यावर तेल सोडतो, जणू किडे आहेत. शेवटी सगळा भंगार गिऱ्हाइकाच्याच टोपीत भरून परत देतो आणि नकारार्थी मान हलवतो. पहिल्यांदा नुसतं बघा. दुसऱ्यांदा फक्त हात बघा. तिसऱ्यांदा चॅप्लिनकडे बघूच नका, गिऱ्हाइकाकडे बघा, अल्बर्ट ऑस्टिन त्याचं नाव, तो काही करत नाही, फक्त बघत राहतो, आणि तो तसा गंभीरपणे बघत राहिला नसता तर या सीनमधलं काहीच चाललं नसतं. पोरांना मी विचारते, घड्याळ कशाकशाचं झालं? पेशंट, डबा, कापड, किडे. एक वस्तू हातात घेऊन ती दुसरीच आहे असं वागायचं, आणि ते अगदी मनापासून, हे एकदा पकडलं की चॅप्लिनच्या सगळ्या फिल्म उघडतात.

'द इमिग्रंट' ची सुरुवातही अशीच दाखवा. जहाजाच्या कठड्यावरून चॅप्लिन पाठमोरा वाकलाय, खांदे हिसके देतायत, बाकीचे प्रवासी लागलेत ओकायला, आपल्यालाही वाटतं हाही तेच करतोय. मग तो वळतो आणि हातात गळाला लागलेला मासा. इथे थांबवा आणि विचारा, आपल्याला कोणी फसवलं? पाठीनं. आणि हेही सांगण्यासारखं आहे की या फिल्मचा हॉटेलचा उत्तरार्ध आधी शूट झाला होता, जहाज नंतर सुचलं. चॅप्लिन लिहून काही ठेवायचा नाही, कॅमेरा चालू ठेवूनच तालीम करायचा आणि न जमलेलं टाकून द्यायचा. वेटरचं काम आधी हेन्री बर्गमनकडे होतं, भीती वाटेना म्हणून तिथे कँपबेलला आणलं. मग हॉटेलातल्या नाण्याचा सीन बघा, दहा सेंट कमी पडले म्हणून त्या वेटरनं एका माणसाला धोपटलेलं आपण बघितलंय, आणि चॅप्लिनच्या खिशाला भोक आहे. हसताना पोटात गोळा येतो.

पुढे काय बघायचं तर मेबल नॉर्मंडच्या कीस्टोनमधल्या फिल्म बघा, आता बघा, पहिल्यांदा नाही. ती नुसती हिरॉइन नव्हती, १९१४ मधे स्वतः दिग्दर्शन करत होती, चॅप्लिनचंही केलंय, आणि तिचं नाव आपल्याकडे कोणी घेत नाही याचं मला वाईट वाटतं. लॉइडची 'नेव्हर वीकन' उंचीची भीती असणाऱ्यांनी जपून. चार्ली चेसची 'मायटी लाइक अ मूस' नवराबायकोनं मिळून बघायची, दोघंही एकमेकांना न सांगता चेहरा बदलून घेतात आणि मग रस्त्यात भेटल्यावर ओळखतच नाहीत.

आणि कीटनची 'कॉप्स', १९२२, ही एकदम शेवटी ठेवा, बाकीच्या झाल्यावर. एका माणसाच्या मागे अख्ख्या शहराचे पोलीस, शेकडो, रस्ता काळा झालेला. चालत्या गाडीला मागून एका हातानं पकडून तो उडत निघून जातो तो क्षण मी आजवर कितीदा मागे घेऊन बघितलाय. पण तिचा शेवट हसरा नाही, थडग्याच्या दगडावर त्याची चपटी टोपी ठेवलेली दिसते आणि संपतं. लहान मुलं विचारतात की मग त्याचं काय झालं. मी सांगत नाही, त्यांनाच विचारते, आणि प्रत्येकजण वेगळं सांगतो, बहिणीच्या धाकट्यानं सांगितलं की टोपी तिथे ठेवून तो मागच्या मागे पळून गेला, पोलिसांना कळलंच नाही.